तपासणी, फ्रीमन स्ट्रीट

ग्रिम्सबीत नोव्हेंबरात चारलाच अंधार पडतो.
त्याआधी मला सहा घरं उरकायची असतात:
पेटी उघडायची, गाळणी पुसायची, आकडा लिहायचा,
झाकणावर पिवळा कागद डकवायचा, 'वर्षभर निर्धोक'.

पेटी पावाच्या डब्याएवढी. मागे नेत नाही,
पुढे ढकलत नाही. एका खोलीतली वेळ
परकराच्या नाडीसारखी सैल करते, एवढंच.
दिवसाला अकरा मिनिटं, त्यावर नाही.
बाहेर सीगल असेल तिथे हवेत टांगलेला राहतो,
आत माणूस अंडं उकडून घेतो
किंवा तोंडावर आलेला शब्द गिळून टाकतो.
बहुतेक जण झोपतात.

पुस्तिकेत पानोपानी एकच इंग्रजी शब्द.
मला मनात दरवेळी त्याचे दोन करावे लागतात.
कुरुंदवाडला आमचे विष्णुकाका पुरातून
म्हशीचं शेपूट धरून बाहेर आले, तेव्हा आत्या म्हणाली होती,
काळ आला होता, पण वेळ आली नव्हती.
पेटी वेळेला हात लावते. काळाला नाही.
हे मी प्रशिक्षणात सांगून पाहिलं.
साहेब म्हणाला, इंटरेस्टिंग,
आणि पुढची स्लाइड लावली.

बावीस नंबरला मॉरीन टास्कर. वय एक्याऐंशी.
बोटांवर अजून मासे कापायच्या सुरीच्या खुणा.
मीटर उलटा फिरलेला.
नऊ वर्षांत असा आकडा मी पाहिला नव्हता.
पेटीच्या पाठीमागे, दोन तारांच्या मध्ये,
जेवणाचा काटा खोचलेला,
नीट, सुतळीनं बांधून.

"सगळे वाढवून मागतात," ती म्हणाली,
"मी आवळते. रात्री तीन ते चार फार लांब असतं, पोरी.
लेन त्याच सुमाराला गोदीवर जायला उठायचा,
बूट शोधत शिव्या द्यायचा.
आता घरात कुणी शिव्या देत नाही."

रोज अकरा. मी मोबाइलवर हिशोब केला:
तीन वर्षांत आठ दिवस आणि पावणेनऊ तास,
न जगता वजा.
नियम सरळ आहे, कुणाचं मिनिट कमी होता कामा नये.
"उरलेले सुट्टे मागायला कोण येणारे?" ती हसली.

मला सांगायचं नव्हतं, पण सांगितलं.
मिरजेहून फोन आला त्या रात्री
मी मँचेस्टरच्या विमानतळावर सात तास बसून होते,
पप्पा व्हेंटिलेटरवर, गेटचा नंबर बदलत होता,
आणि बॅगेत कामाची पेटी, सीलबंद.
मलाही आवळता आली असती ती रात्र.
नियमांवर सही केलेली बाई मी, बॅग उघडली नाही.
समोरच्या बाळाच्या एकाच पायात मोजा होता.
ते सारखं शिंकत होतं.
अजून आठवतं सगळं.
त्या सात तासांत पप्पा होते.

मॉरीन खिडकीकडे बघत राहिली. मग म्हणाली,
"कुठल्या रंगाचा मोजा?"

हिरवा.

काटा काढला, धुऊन तिच्या ड्रॉवरमध्ये ठेवला.
स्क्रू बसवले.
आज रात्री तीनला काय करू, हे तिनं विचारलं नाही.
मी नंबर लिहून दिला, ऑफिसचा नव्हे.
मग तिनं किटली ठेवली. पेटी बंदच होती.
अकराएक मिनिटं आम्ही हातानंच घालवली:
ती लेनच्या शिव्या आठवून आठवून सांगत होती
आणि मी त्यांना मराठी शोधत होते.
दोन सापडल्या. तिसरीला आपल्याकडे तोड नाही.

पुढच्या घरातून फोन आला, कधी येताय?
म्हटलं, वेळ लागेल.